साडेदहाच्या आधीचे अडीच तास

त्याच्या डाव्या कानाची पाळी अर्धीच आहे. रविवारी दारू विकायची नाही असा नियम निघाला, त्या पहिल्या रविवारनंतरच्या सोमवारी एका रंगाऱ्याने जाळीतून हात घालून त्याला कानाला धरलं आणि कालच्या दिवसाचा जाब विचारला. बाकीची अर्धी तेव्हा गेली. समोरचे दोन दात मतमोजणीच्या दिवशीचे. उजव्या हाताची करंगळी दुकान बंद करायची वेळ तासाभराने अलीकडे आली तेव्हाची. तो शटर खाली ओढत होता, बाहेरून चार जण ते वर ढकलत होते, आणि मग चौघांनी एकदम सोडून दिलं. राजपत्र बारीक टायपात छापतात, त्यामुळे ते कुणी वाचत नाही. तीच कलमं माणसाच्या अंगावर उमटली की लोक थांबून बघतात.

सव्वीस वर्षं हा माणूस एकाच काउंटरमागे उभा होता. दुकान म्हणजे दहा बाय चौदाची खोली. पुढे लोखंडी जाळी, जाळीत बाटली जाईल एवढी खिडकी, मागे छतापर्यंत पुठ्ठ्याचे खोके, काउंटरवर बिलाचं मशीन. खिडकीच्या कडा हातांनी घासून घासून चकचकीत झालेल्या. दुकान उघडायची वेळ बदलली तेव्हापासून त्याला सगळे साडेदहा म्हणायचे. विक्री सुरू व्हायची वेळ साडेदहा आणि तो त्यात एका मिनिटाचीही सूट द्यायचा नाही, म्हणून. पहिली बाटली तो आधीच काउंटरवर काढून ठेवायचा, तिच्यावर पंजा ठेवायचा आणि मशीनवर दहा-तीस दिसेपर्यंत पंजा उचलायचा नाही. पलीकडून गिऱ्हाइकाचाही हात त्याच बाटलीवर. अशी दोन माणसं मिनिटभर एकमेकांकडे बघत उभी राहिली की त्यांच्यात नातं तयार होतं. ते चांगलं असतंच असं नाही.

"साडेदहा, तुझं मशीन मागे आहे."

"मशीन सरकारचं आहे."

"मग सरकार मागे आहे."

"ते इथे नका सांगू. वर अर्ज करा."

या उत्तरावर एकदा त्याच्या नाकावर अर्धी वीट आली. त्याने नाकाला फडकं लावलं, मशीनकडे नजर ठेवली आणि दहा-तीसला पहिली बाटली वीट मारणाऱ्यालाच दिली. रांगेत पहिला तोच होता.

दुकान पूर्वी आठला उघडायचं. मग वरच्या रस्त्यावरच्या रहिवाशांनी निवेदन दिलं, की मुलं शाळेत जातात त्याच वेळी ही रांग लागते आणि संसार उद्ध्वस्त होतात. नगरपालिकेने ठराव करून वेळ साडेदहावर नेली. ठरावात 'कौटुंबिक स्वास्थ्य' हे शब्द तीनदा आले होते. ठराव सोमवारी लागू झाला आणि गुरुवारी साडेदहाच्या धाकट्या बहिणीचं खांद्याजवळचं हाड मोडलं.

ते कसं, हे सांगायला तिच्या घराचं वेळापत्रक सांगावं लागेल. धाकटी हॉस्पिटलच्या लॉन्ड्रीत कामाला होती. रक्ताच्या चादरी उकळायच्या, पिळायच्या, वाळवायच्या. पाळी दुपारी बारा ते रात्री आठ. तिचा नवरा वेल्डर होता. हात थरथरायला लागल्यापासून त्याला कुणी वेल्डिंग देत नव्हतं. साडेदहाचा तो दाजी, म्हणून अख्खी रांग त्याला दाजी म्हणायची. 'दाजींना पुढे जाऊ द्या रे,' असं म्हणून त्याला पुढे ढकलायची आणि मागून त्याच्या पाठीवर काडी पेटवून बघायची.

पिऊन बायकोला मारणारा नवरा सगळ्यांच्या ओळखीचा आहे. नगरपालिकेने ठराव केला तो त्याच्यासाठी. दाजी न पिता मारायचा. पोटात गेली की तो गरीब गाय. दारातल्या चपला जोडीने लावून ठेवायचा आणि झोपायचा. पण सकाळी आठला जागा झाला की त्याच्या अंगात मुंग्या चालायच्या, भिंती सरकायच्या, आणि भिंतींपेक्षा जवळ बायको असायची. पूर्वी तो उठला की थेट रांगेत जाई. नव्या नियमाने या दोघांना रोज अडीच तास एका खोलीत एकत्र दिले.

"तू निघून ये माझ्याकडे," साडेदहा म्हणाला. ती गळ्यातल्या पट्ट्यात हात अडकवून हॉस्पिटलच्या बाकावर बसली होती.

"खोली माझ्या नोकरीवर मिळालेली आहे, दादा. माझ्या नावाची. मी का निघू?"

"मग त्याला काढ."

"तू काढतोस? चल, आत्ता जाऊ."

साडेदहा उठला नाही. दाजीला हात धरून बाहेर काढण्याची चाल त्याने दोनदा करून बघितली होती. एकदा जिन्यात स्वतःच्याच दोन बरगड्या गेल्या, दुसऱ्यांदा दाजीने वेल्डिंगच्या जुन्या हातोडीने दाराची चौकट फोडली. तक्रार दिली की पोलीस दोन दिवस दाजीला आत ठेवायचे, आणि तो बाहेर यायचा तो दोन दिवसांचा कोरडा.

"मग दुकान आठला उघड," ती म्हणाली.

हे मात्र त्याला जमणार नव्हतं, आणि ते तिलाही ठाऊक होतं. वेळेआधी विकल्याबद्दल दुकानावर आधीच दोन ठपके होते, दोन्ही मालक स्वतः काउंटरवर बसला होता त्या दिवसांचे. तिसऱ्याला परवाना कायमचा रद्द, आणि परवान्यावर जबाबदार विक्रेता म्हणून ज्याचं नाव त्याला सहा महिने कैद. नाव साडेदहाचं होतं.

तोडगा शेवटी तिनेच काढला.

"रोज संध्याकाळी सुटताना एक क्वार्टर घेऊन ये. बिल करून, तुझ्या नावावर. त्याला तर काही बंदी नाही ना?"

"नाही. एक बाटली, सोबत बिल, चालतं."

"बस. सकाळी त्याला मी पाजते."

साडेदहाने यावर बराच विचार केला, आणि नियमात कुठे खोट सापडेना म्हणून हो म्हणाला. त्या दिवसापासून धाकटी आठला एक स्टीलची वाटी, नऊला दुसरी, पावणेदहाला तिसरी अशी द्यायची. वॉर्डातल्या नर्ससारखी, कपाळाला हात लावून. उरलेली बाटली ती रोज नव्या जागी लपवायची. चार महिने तिच्या अंगावर नवीन जखम झाली नाही. नगरपालिकेच्या हद्दीत कौटुंबिक स्वास्थ्याचं काम एवढ्या नेटाने दुसरं कुणी करत नव्हतं. दाजी एवढंच शिकला, की सकाळी घरात बाटली असते आणि ती कुठे आहे ते बायकोला माहीत असतं.

मग निवडणूक आली.

नियम असा होता: मतदानाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी पाचपासून दुसऱ्या दिवशी सहापर्यंत विक्री बंद, दुकानांना सील. साडेदहाने आपली क्वार्टर दुपारीच बिल करून काउंटरखालच्या खणात ठेवली. पाच वाजता शटर ओढायचं आणि ती खिशात घालून निघायचं, असा बेत. पण दारूबंदी खात्याच्या निरीक्षकबाईंना त्या दिवशी अकरा दुकानं सील करायची होती. त्यांनी जवळच्यापासून सुरुवात केली आणि पाचला वीस मिनिटं असतानाच त्या लाखेची कांडी घेऊन दारात उभ्या राहिल्या. दुकानाच्या दोन ठपक्यांची फाइल त्यांच्या काखेत होती.

"आटपा. आत कुणाचं स्वतःचं सामान आहे का?"

बाटली त्याची होती. बिल त्याच्या नावाचं होतं. वेळ नियमातली होती. अजून वीस मिनिटं तो ती बाटली कपाळाला लावून रस्त्यावरून मिरवू शकला असता. पण त्याची नजर फाइलवर गेली. सील लावायच्या क्षणी विक्रेताच बाटली घेऊन बाहेर पडतोय, हे कागदावर कसं दिसेल, हा विचार त्याच्या मनात आला.

"छत्री," तो म्हणाला.

निरीक्षकबाईंनी त्याला छत्री काढू दिली. मग कुलपावर फीत, फितीवर सही केलेला कागद, कागदावर लाख.

छत्री घेऊन तो लॉन्ड्रीच्या फाटकावर गेला. धाकटी कोपरापर्यंत ओल्या हातांनी बाहेर आली. त्याने झालं ते सांगितलं.

"छत्री आणलीस," ती म्हणाली.

"दुसरीकडून बघतो. कुठूनही."

"शहरभर सील आहे. आणि चोरीची तू घेणार नाहीस, मला माहीत आहे." तिने हात पुसले. "मतदान साडेसातला सुरू होतं. तो उठायच्या आत मी जाऊन रांगेत उभी राहते. एकदा मत दिलं की परत रांगेच्या मागे. तिथे दोन पोलीस असतात. दुपारपर्यंत उभी राहिले तरी कोण विचारतंय?"

बेत चांगला होता. पण आपल्या हिताचे नियम दाजीला वकिलापेक्षा जास्त पाठ होते. आज दुकान उघडणार नाही, म्हणजे घरात लपवलेली बाटली हीच काय ती, एवढा हिशोब त्याने आदल्या रात्रीच केला होता. सकाळी सातला ती उठली तेव्हा दाराला आतून कुलूप होतं, किल्ली दाजीच्या गळ्यात होती आणि दाजी पलंगाच्या कडेला बसून तिच्याकडे बघत होता.

"कुठे ठेवलीस?"

"आज नाहीये. दुकानाला सील लागलं."

"चार महिने असते आणि आजच नाही?"

"दादाला आणता आली नाही."

"बरं," दाजी म्हणाला. "कुठे ठेवलीस?"

पिठाचा डबा त्याने जमिनीवर ओतला. गादी सुरीने फाडली. पाण्याचं पिंप आडवं केलं. मग शोधायला खोलीत तीच उरली. पहिल्यांदा त्याने तिचं डोकं भिंतीवर आपटलं, फार जोरात नाही, दार वाजवावं तसं. मग पत्र्याची ट्रंक उघडून तिचा उजवा हात ट्रंकेच्या काठावर ठेवला आणि झाकणावर गुडघा दिला. विचारलं. झाकण उचललं, हात थोडा वर सरकवला, पुन्हा गुडघा दिला आणि पुन्हा विचारलं. खरं उत्तर एकच होतं आणि ते तिने आधीच दिलेलं होतं. खोटं द्यावं तर शोधून झाल्यावर तो परत ट्रंकेपाशी येणार होता. तरी तिने दोनदा खोटं सांगितलं, मधल्या पाच-पाच मिनिटांसाठी. फळीमागे, ती म्हणाली. मग म्हणाली, मोरीच्या वर. दोन्ही वेळा तो परत आला.

खालच्या खोलीत एक शिंपीण राहायची. वरच्या आवाजांची तिला सवय होती, ती त्या तालावर मशीन चालवायची. पण आवाज थांबतो, एक प्रश्न येतो आणि पुन्हा तोच आवाज, असं तिने ऐकलं नव्हतं. ती मापाची पट्टी गळ्यात तशीच ठेवून साडेदहाच्या घरी धावली.

"वर जा. आज तो तिला काहीतरी विचारतोय."

साडेदहा आधी मतदान केंद्रावर गेला, कारण पोलीस तिथे होते.

"केंद्र सोडता येत नाही," त्यातला एक म्हणाला. "नियम आहे."

"माझ्या बहिणीला मारतोय तो."

"फोन लावला आहे. गाडी येईल. गाड्या सगळ्या मतदानावर आहेत, थोडा वेळ लागेल."

नियम आहे. सव्वीस वर्षं तो हेच वाक्य खिडकीतून बाहेर देत आला होता. ते आत आलं की कसं लागतं हे त्याला आज कळलं. तो जिना चढून गेला आणि पत्र्याच्या दारावर लाथा घातल्या. दार आतून दोन कड्यांचं होतं. त्यातली एक त्यानेच बसवून दिली होती.

"मेहुणे," दाजीचा आवाज आला, धाप लागलेला. "बाटली आणा. दार उघडतो."

"आधी उघड."

आत ट्रंकेचं झाकण पडलं. धाकटीचा आवाज आला नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं, असं त्याला वाटलं.

दुकान चार मिनिटांवर होतं. रस्त्यात मत देऊन परतणारी तीस-चाळीस माणसं होती. त्यांच्यासमोर त्याने शटर ओढायची आकड्याची सळई फितीत घातली आणि लाख फोडली. पुढे चौकशीत त्यातल्या एकानेही काही पाहिलेलं नव्हतं. आत शिरल्यावर त्याने खणातली बाटली घेतली, आणि मशीनचं बटण दाबून वेळ बघितली. नऊ चाळीस. का बघितली हे त्याला सांगता येत नाही. बाहेर येऊन त्याने शटर ओढलं, कुलूप लावलं आणि सळई हातात तशीच घेऊन निघाला.

"आणली," तो दाराबाहेरून म्हणाला.

"दाखवा."

त्याने खिडकीच्या गजापाशी बाटली धरली. किल्ली फिरली, दार चार बोटं उघडलं आणि आधी दाजीचा हात बाहेर आला. बाटली मिळताच त्याने ती दोन्ही हातांनी धरली आणि झाकणाला दात लावले. त्याचं सगळं लक्ष झाकणावर. साडेदहा दार ढकलून आत आला.

पीठ आणि पाणी यांचा जमिनीवर चिखल झाला होता, तो लाल होता. धाकटी ट्रंकेला धरून उभी राहिली. उजवा हात कोपराखाली जिथे वाकू नये तिथे वाकला होता. डाव्या हाताने तिने त्याच्या हातातली सळई धरली. त्याला वाटलं, ती आधारासाठी धरतेय, म्हणून त्याने सोडली.

पहिला फटका दाजीच्या मनगटांवर बसला. बाटली फुटली, दारू त्याच्या छातीवरून खाली वाहिली. दाजी छातीवरचा शर्ट तोंडात कोंबून चोखू लागला, तेव्हा दुसरा जबड्यावर बसला. त्यात शर्ट आणि दात एकत्र आले. दाजीने तिच्या केसांना हात घातला. तिसरा गुडघ्यावर, आकड्याच्या बाजूने, आणि ओढून घेतला. तो पडला. चौथा त्याच गुडघ्यावर.

"बस," साडेदहा म्हणाला.

"विचारू दे ना मला पण," ती म्हणाली. पण काय विचारायचं ते तिला आठवेना. ती चिखलात खाली बसली. पोलिसांची गाडी अर्ध्या तासाने आली.

दाजी मेला नाही. त्याचा जबडा तारेने बांधला गेला, उजवा गुडघा कायमचा ताठ झाला. त्याच्या भावाने वकील दिला आणि दाजीने बोलता येत नव्हतं म्हणून पाटीवर लिहून जबाब दिला: मेहुण्याने आणून दिलेली बाटली आदल्या रात्रीपासून पीत होतो, सकाळी नशेत झोपलो होतो, बायकोने झोपेत मारलं. हॉस्पिटलच्या कागदावर डॉक्टरांनी लिहिलं होतं, कपड्यांना दारूचा उग्र वास. तिचा हात? पळताना जिन्यात पडली. शिंपिणीची साक्ष? आवाज तर तिथे रोजच येतात. धाकटीवर खुनाच्या प्रयत्नाचा गुन्हा लागला. सात ते दहा वर्षं, वकील म्हणाला, आणि नोकरीबरोबर खोलीही जाईल.

सील तुटल्याचं निरीक्षकबाईंना मतदानाच्या संध्याकाळी सहाला दिसलं होतं. ते प्रकरण निराळ्या फाइलीत होतं. त्या फाइलीसाठी मालक साडेदहाच्या घरी आला.

"सील आदल्या रात्री तुटलं. चोरांनी तोडलं. तू सकाळी तिकडे फिरकला नाहीस," मालक म्हणाला. "एवढंच बोल. दुकान राहतं, तू राहतोस."

"आणि धाकटी?"

"तिची केस वेगळी आहे."

"वेगळी नाही, मालक. सील रात्री तुटलं तर बाटली रात्री गेली. बाटली रात्री गेली तर दाजी सकाळी पिऊन झोपला होता."

मालकाने बोटांवर हिशोब केला.

"सहा महिने आत जाशील. बाहेर आल्यावर कुठलंच काउंटर तुला घेणार नाही. मला दुसरा धंदा बघावा लागेल, या वयात."

"हो."

"एवढा शहाणा होतास तर त्या दिवशी छत्री कशाला काढलीस?"

मालकाने जाताना दार आपटलं नाही, हळू लावून घेतलं. त्याचा साडेदहाला जास्त त्रास झाला.

दंडाधिकाऱ्यांसमोर दोन्ही फाइली एकाच दिवशी आल्या. तशी विनंती साडेदहानेच लिहून दिली होती.

"सील कधी तुटलं, तुम्हाला माहिती आहे?"

"मी तोडलं. मतदानाच्या दिवशी सकाळी, नऊ चाळीसला. आतली माझ्या बिलाची बाटली काढायला. दाजीच्या खोलीत फुटली ती तीच."

दाजीचा वकील उभा राहिला. "बहिणीला वाचवायला भाऊ काहीही वेळ सांगेल, साहेब."

"मशीन चालू करून बघितलं होतं," साडेदहा म्हणाला. "मशीन कधी चालू झालं ते मशीनच्या आत राहतं. निरीक्षकबाईंना काढता येतं."

निरीक्षकबाईंनी ते काढलं. आदल्या दिवशी चार एकेचाळीसला बंद. मतदानाच्या दिवशी नऊ चाळीसला चालू. मध्ये काही नाही. दंडाधिकाऱ्यांनी तो कागद दोनदा वाचला आणि मग दाजीकडे बघून विचारलं, की सकाळी नऊ चाळीसपर्यंत जी बाटली सीलमध्ये होती ती तुम्ही रात्रभर कशी प्यायलात. दाजीने पाटी घेतली, खडू धरला, आणि बराच वेळ धरून बसला. त्याचा हात थरथरत नव्हता; वॉर्डात त्याला औषध वेळच्या वेळी मिळत होतं.

धाकटीवरचा गुन्हा त्या दिवशी काढून टाकला गेला आणि दाजीवर घातला गेला. साडेदहाला सहा महिने कैद झाली, विक्रेत्याचं कार्ड जन्मभरासाठी रद्द, दुकानाचा परवाना रद्द. निकालपत्रात सील तोडण्याच्या कृत्याची गंभीर दखल घेतलेली आहे. ट्रंकेचा उल्लेख एका ओळीत आहे.

व्हरांड्यात पोलीस कागदांची वाट बघत होता, तेवढ्यात बहीणभाऊ बाकावर बसले. तिच्या उजव्या हाताची तीन बोटं आता मिटत नव्हती. लॉन्ड्रीत तिला पिळायच्या कामावरून काढून घड्या घालायला बसवलं होतं.

"खोलीचं कुलूप बदललं," ती म्हणाली.

"बरं केलंस."

"आत जेवण कसं असतं रे?"

"माहीत नाही. उद्या कळेल."

"दर आठवड्याला भेटता येतं म्हणे. सकाळी नऊ ते अकरा." ती उठली, डाव्या हाताने त्याच्या कॉलरचं बटण लावलं, ते नीट लागेना म्हणून पुन्हा लावलं. "मला चालेल. बारापर्यंत मी मोकळीच असते."

मग ती कामाला गेली.